लोइसला दाखवण्याचा ठराव

कवी अमर असतो. आमच्या हॅडविक गावातली ऑर्फा पेनिमन मे ते ऑक्टोबर, सकाळी दहा ते चार या वेळात अमर असते. सोमवारी तिचं घर पाहुण्यांना बंद.

ऑर्फाने विशीच्या आतच चारशे कविता लिहिल्या. दीडशे वर्षांनी तिच्या तरुणपणावर मालिका काढायला कॅलिफोर्नियाहून ब्राइस नावाचा निर्माता आला. त्याला दोन गोष्टी हव्या होत्या : ऑर्फाचं घर, आणि मुख्य रस्त्यावरच्या डांबरावर तीन आठवडे माती पसरायची परवानगी. घर अक्सा पेनिमनबाईंचं. घराण्यातल्या त्या शेवटच्या, वय चौऱ्याऐंशी. परवानगी मार्चच्या गावसभेची. गावसभेत हात वर करून जे ठरतं ते सूर्यचंद्रांनाही बंधनकारक असतं, अशी आमची पिढीजात समजूत आहे. मी गावाचा कारकून, त्यामुळे ही समजूत माझ्याच अक्षरात नोंदलेली असते.

अक्साबाई सभेत उठल्या. ऑर्फाने जन्मात कधी साबणाच्या कढईला हात लावला नाही, हे त्यांनी आधी सांगून टाकलं. डुकराची चरबी आणि राखेचं पाणी ढवळायची ती थोरली बहीण लोइस. धाकटीने पिठाच्या पिशव्यांवर खरडलेलं लोइसशिवाय कुणाला वाचताही येत नसे. तेही तिनेच, फुटलेल्या बोटांनी, वहीत उतरवून काढलं. ऑर्फाची छापलेली प्रत्येक ओळ त्या वहीतून आलेली. लोइसचा मात्र एक फोटोसुद्धा नाही.

"मरायच्या आधी एकदा तिला लोकांनी बघितलेलं मला बघायचंय," बाई म्हणाल्या, आणि खाली बसल्या.

लोइस पेनिमन हिला मालिकेत दाखवावे, या अटीवर परवानगी मंजूर झाली. एकशे बारा विरुद्ध तीन. ब्राइसने छातीवर हात ठेवला. "अक्सा, हा माझा शब्द."

"मला नुसतं अक्सा म्हणणारी सगळी माणसं टेकडीवर पुरलीत," बाई म्हणाल्या. "पण शब्द घेतला."

ही अट कंपनीच्या करारात घालावी असं कुणालाही सुचलं नाही. ठराव झाला होता ना.

जूनमध्ये चित्रीकरण सुरू झालं. घोड्यांची खरी लीद पडद्यावर खोटी वाटते म्हणून ती उचलून, शेंगांच्या टरफलांचा रंगवलेला भुगा टाकण्यात आला. साबणाची कढई ढवळायला खुद्द ऑर्फा, नखांना नुकतंच पॉलिश केलेली. कढईत व्हॅनिला कस्टर्ड होतं. दोन शॉटच्या मध्ये मंडळी ते चमच्याने खात होती. एकाने चमचा चाटून पुन्हा बुडवलेला मी पाहिला. कविता उतरवून घ्यायला एक लोहार नेमला होता. त्याच्या सदऱ्याला बटणं नव्हती. तो ऑर्फाच्या मानेवर श्वास सोडत ओळी सुचवायचा, तेव्हा मी गोठ्यामागे जाऊन उभा राहायचो. तिथे निदान वास खरा होता.

चौथ्या दिवशी लोइस आली. शवपेटीतून. वय एकोणीस, ओठांना गुलाबी रंग, छातीवर लिलीची फुलं. खरी लोइस एकोणऐंशीव्या वर्षी गेली, ऑर्फानंतर तीस वर्षांनी.

"ही कोण?" अक्साबाईंनी विचारलं.

"लोइस," ब्राइस म्हणाला. "काय गोड दिसतेय ना?"

"ही मेलेली आहे."

"हो, पण चार मिनिटं. पहिल्या भागात चार मिनिटं म्हणजे चैन आहे. ऑर्फाला लिहायला दुःख नको का?"

बाईंनी पेटीत वाकून पाहिलं. मुलगी डोळे मिटून च्युइंगम चघळत होती. "ऊठ गं," बाई तिला म्हणाल्या. "अजून साठ वर्षांचं काम पडलंय तुझं."

मुलगी घाबरून उठून बसली. ब्राइसने अक्साबाईंना खुर्ची आणि लिंबूपाणी द्यायला सांगितलं, आणि दृश्य पुन्हा घेतलं.

पुढच्या मार्चमध्ये बाईंनी गावसभेत तक्रार मांडली : अट मोडली गेली. अध्यक्षांनी मला जुना ठराव वाचायला लावला. मी वाचला. मग सराईवाल्याने उठून सांगितलं, की मालिका आल्यापासून त्याच्या खोल्या भरलेल्या असतात, आणि पाहुणे लोइसचीच चौकशी करतात. ती बिचारी तरुणपणी कशाने गेली म्हणून. अट पूर्ण झाली, असं सत्त्याण्णव विरुद्ध सहा मतांनी ठरलं.

अक्साबाई माझ्या टेबलापाशी आल्या. "एल्डन, जिवंत दाखवा, असं मी म्हणायला हवं होतं का रे?"

"हो, बाई."

"मला वाटलं, तेवढं लोक धरून चालतात."

मी निर्णय नोंदवला. पुढचा विषय कचऱ्याच्या नव्या गाडीचा होता. त्यावर पावणेदोन तास चर्चा झाली.