एका वयाचे फोड

डॉक्टरांनी केसपेपरवर ‘कांजिण्या’ असं लिहिलं, खाली रेघ मारली आणि कागद पुढे सरकवला. तो घ्यायला आलेला हात रुग्णाचा नव्हता, त्याच्या बायकोचा होता. तिने टेबलावर चाचपून कागद उचलला, नीट घडी घातली. पण उठली मात्र नाही.

“काय लिहिलंत, डॉक्टर?”

“कांजिण्या. या आठवड्यातला हा सहावा पेशंट. अंगाला लावायला औषध दिलंय. आठवडाभर घरी आराम, संपला विषय.”

“कांजिण्या नाहीत ह्या.”

दाराबाहेर रांग होती. कुणीतरी खोकलं, कुणीतरी आपला नंबर किती ते मोठ्याने विचारलं. डॉक्टरांनी घड्याळाकडे पाहिलं आणि मग पहिल्यांदाच त्या बाईकडे नीट पाहिलं. साठीला टेकलेली. डोळ्यांवर काळा चष्मा, गुडघ्यांत धरलेली पांढरी काठी. ती एका कारखान्यात वेताच्या खुर्च्या विणायची. बोटांची टोकं चामड्यासारखी झाली होती. शेजारी बसलेला नवरा लॉजमध्ये चादरी-टॉवेल धुवायचा. चार दिवस तापाने फणफणून आता चेहऱ्यावर आणि हातांवर फोड घेऊन तो आला होता, आणि बायकोच्या बोलण्याने भलताच ओशाळला होता.

“अगं, ते डॉक्टर आहेत ना? तू काय त्यांना शिकवतेस?”

“त्यांनी लांबून बघितलंय,” ती म्हणाली. आवाजात तक्रार नव्हती. हिशेब चुकला की शेजारच्याला दाखवावा तशी ती सांगत होती. “मी हात लावलाय.”

खरंच होतं ते. टेबलाच्या या बाजूने पाहून त्यांनी निदान केलं होतं. एकोणीस वर्षं रोज दीडशे पेशंट बघणाऱ्या माणसाला पुरळ ओळखायला खुर्चीवरून उठावं लागत नाही, असं त्यांना वाटायचं. राग आला तो मात्र लगेच ओसरला, कारण नवरा पुटपुटला, “तशा लहानपणी येऊन गेल्यात मला कांजिण्या. पण परत येत असतील.”

हे त्यांनी विचारलंच नव्हतं.

दोन महिन्यांपूर्वी आरोग्य खात्याचं एक परिपत्रक आलं होतं. सिस्टरने ते वजनकाट्याच्या वर चिकटवलं होतं, आणि त्यावर कुणीतरी ड्युटीचा तक्ता टांगला होता. डॉक्टर उठले, तक्ता उतरवला आणि कागद भिंतीवरून सोडवून घेऊन आले. ‘एमपॉक्स (मंकीपॉक्स) : संशयित रुग्ण कोणाला म्हणावे.’ मजकूर त्यांनी एकदा वाचला होता, सही करण्यापुरता.

“बरं, मावशी,” ते म्हणाले. “तुमच्या हाताला काय लागलं ते सांगा.”

तिने मान थोडी तिरकी केली. “आधी ताप. मग अंगावरून हात फिरवताना जबड्याखाली गाठी लागल्या, दोन्ही बाजूंना. हरभऱ्याहून मोठ्या. तेव्हा बाहेर काही नव्हतं. हे म्हणाले, घसा धरलाय.”

डॉक्टरांचं बोट कागदावर होतं. ‘अचानक उठलेले पुरळ, ज्याचा दुसऱ्या कारणाने उलगडा होत नाही, आणि त्यासोबत ताप, डोकेदुखी, अंगदुखी, कमालीचा थकवा, सुजलेल्या गाठी यांपैकी किमान एक.’

“पुढे?”

“मग फोड. कांजिण्यांचा फोड वरवर असतो, दवाच्या थेंबासारखा, बोट लागलं की फुटेल असा. हे तसे नाहीत. आत रुतून बसलेत. गोल, टणक, आणि मधोमध बारीक खळगा. आणि सगळे एका वयाचे आहेत.”

“एका वयाचे?”

“कांजिण्यांत एक कोवळा, एक पिकलेला, एकावर खपली, असं असतं ना? इथे हातावरचे सगळे एकदम जन्मलेत. तळहातावरही आहेत. तळपायावरही.”

डॉक्टरांनी खालच्या, फोडांच्या वर्णनाच्या ओळी वाचल्या. मग पुन्हा वाचल्या. दूर कुठल्या तरी इमारतीत, शेकडो रुग्ण पाहिलेल्या माणसांनी शब्दांवर वाद घालून ह्या ओळी लिहिल्या असतील. एकही शब्द जास्त नाही, एकही कमी नाही. ही बाई त्यातला शब्दन् शब्द, कागद न बघता, आपल्या भाषेत म्हणून दाखवत होती.

त्यांनी हातमोजे चढवले, मास्क बांधला आणि नवऱ्याचा तळहात उजेडात धरला. सात फोड. मोत्यासारखे टणक, प्रत्येकाच्या मध्ये खळगा. जबड्याखाली बोटं नेली. गाठी तिथेच होत्या, तिने सांगितल्या त्या जागी, सांगितल्या तेवढ्या.

“सिस्टर, रांग पलीकडच्या खोलीत न्या. आणि कोपऱ्यातली खोली उघडा.” केसपेपरवरचा शब्द खोडून त्यांनी नवा लिहिला. “काका, तुम्हाला आता संशयित म्हणून नोंदवावं लागेल.”

“संशयित?” नवरा ताडकन म्हणाला. “मी काय कुणाची चादर चोरली का?”

सिस्टरला हसू आवरलं नाही. डॉक्टरही हसले. “संशय आजारावर आहे हो, तुमच्यावर नाही. फोडातलं पाणी तपासायला पाठवू. तोवर संशयित. त्यात आजार निघाला तर निश्चित, नाही तर सुटका.”

चादरीवरूनच पुढचा धागा हाती लागला. बारा-तेरा दिवसांपूर्वी लॉजमध्ये लांबून आलेला एक पाहुणा तापाने आजारी होता. दार उघडत नसे, चादरी मात्र रोज बाहेर टाकायचा. त्या नवऱ्यानेच उचलल्या, उघड्या हातांनी. डॉक्टरांनी ते सगळं तारखांसकट लिहून घेतलं.

मग ते तिच्याकडे वळले. “मावशी, तुम्ही हे आधी कुठे पाहिलं?”

“पाहिलं नाही,” ती म्हणाली. “मला आल्या होत्या. देवी.”

तिने चष्मा काढला. गालांवर, कपाळावर, नाकाच्या शेंड्यावर बारीक बारीक खड्डे होते. तारुण्यपिटिकांचे असतील, असं समजून डॉक्टरांनी आधी तिकडे लक्षच दिलं नव्हतं. डोळ्यांच्या जागी दुधाळ पांढरा पडदा होता.

“सहा वर्षांची होते. पापण्या सुजून मिटल्या. अंगाला कुणी हात लावेना, कुणी बोलेना. करायला काही नाही, म्हणून मी आपल्या हातावरचे फोड मोजायची. मोजायला मी तशीच शिकले. शंभरापुढचं येत नव्हतं, मग परत एकापासून. सूज उतरली तेव्हा आईला विचारलं, अजून उजाडलं नाही का गं?”

नवरा आपल्या तळहातांकडे बघत होता.

“तू मला हे कधी सांगितलं नाहीस,” तो शेवटी म्हणाला.

“तुम्ही कधी विचारलं नाहीत.”

देवीचा रोग डॉक्टरांनी फक्त पुस्तकात पाहिला होता. त्यांच्या शिक्षकांपैकीही मोजक्यांनीच तो पाहिलेला. सगळ्या जगातून पुसून टाकलेला आजार, कॉलेजात एका तासात उरकलेला; आणि त्याची खूण जिवंत ठेवलेली दहा बोटं त्यांच्यासमोर काठीवर एकमेकांत गुंतून बसली होती.

दुपारी त्यांनी साथरोग कार्यालयात फोन लावला. तिथल्या अधिकारीबाई झरझर प्रश्न विचारत गेल्या. घरात कोण? बायको. रुग्णाला हात लावला? रोज, सगळ्या अंगाला. मग एकवीस दिवस तिच्यावर कडक लक्ष ठेवा, दोन वेळा ताप बघा. वय किती, आधीचे काही आजार?

“लहानपणी देवी येऊन गेल्यात.”

पलीकडे टाइप करण्याचा आवाज थांबला.

“खात्री आहे?”

“समोर बसून चेहरा पाहिलाय मी.”

“डॉक्टर,” मग त्या हळू आवाजात म्हणाल्या, “ह्या दोन आजारांचं गोत्र एकच. लेखी हमी कुणी देणार नाही, आणि एकवीस दिवस आपण मोजणारच. पण बहुतेक त्यांना काही होणार नाही.”

डॉक्टरांनी हे तिला जसंच्या तसं सांगितलं. कोपऱ्यातल्या खोलीबाहेरच्या बाकावर ती बसली होती.

“म्हणजे ती देवी अजून आहे माझ्यात?”

“ती नाही. तिच्याशी लढलेलं तुमचं रक्त आहे. ते विसरलेलं नाही.”

“पंचावन्न वर्षं?”

“पंचावन्न वर्षं.”

तिने एका हाताने दुसऱ्या हाताचं मनगट धरलं, जणू आत कुणी जागं आहे का ते बघत होती. “माझा भाऊ त्याच आठवड्यात गेला,” ती म्हणाली. “मी एकटी का राहिले, कुणी सांगू शकलं नव्हतं.” मग काठी टेकून उठली. “मला आत जाऊ द्या. त्यांना पाणी द्यायला कुणी लागेल. हातमोजे घालायचे तर घालते.”

तिसऱ्या दिवशी तपासणीचा निकाल आला : निश्चित. लॉजमधल्या चौघांवर नजर ठेवली गेली. आजारी पाहुण्याचा पत्ता काढून त्याच्या गावी कळवलं गेलं. तिथेही दोघे सापडले, वेळेत. सहा कांजिण्यांतल्या उरलेल्या पाचांना डॉक्टरांनी परत बोलावलं आणि प्रत्येकाचा तळहात हातात घेऊन पाहिला. त्या कांजिण्याच होत्या.

कोपऱ्यातल्या खोलीत ती रोज हातमोजे आणि मास्क घालून बसायची. नवरा तापात बडबडला तर ती ऐकायची, बरा असला तर तो तिला एकेक विचारायचा. भाऊ कसा दिसायचा? आठवतो का? लाल रंग आठवतो का? सिस्टर औषध घेऊन जायच्या त्या वेळी दोघांचं बोलणं थांबायचं, आणि त्या बाहेर आल्या की पुन्हा सुरू व्हायचं.

तिला ताप आला नाही. एकविसावा दिवसही तसाच सरला.

चोविसाव्या दिवशी सकाळी डॉक्टर घरी सोडण्याचा कागद घेऊन आले. सगळ्या खपल्या गळलेल्या आणि खाली नवी कातडी आलेली असली पाहिजे, हाच नियम होता. त्यांनी खिडकीचा पडदा सरकवला, नवऱ्याला उभं केलं आणि टाळूपासून तळपायापर्यंत तपासलं. मग पुन्हा एकदा. कुठेच काही उरलेलं दिसलं नाही. पेन काढलं. मग ते टोपण न काढताच उभे राहिले.

“मावशी,” ते म्हणाले, “सही करायच्या आधी तुम्ही एकदा बघता?”

तिने हातमोजे उतरवले, हात धुतले आणि नवऱ्यासमोर उभी राहिली. बोटं कपाळावरून निघाली, कानामागे गेली, मानेवरून खांद्यांवर उतरली. कुठे घाई नव्हती. सिस्टर हातात ट्रे घेऊन दारातच थबकल्या होत्या. पाठ झाली, दंड झाले; ती खाली बसली आणि तळपाय झाले. शेवटी तिने त्याचा चेहरा दोन्ही हातांत घेतला. डाव्या गालावर अंगठा थांबला, फिरला, पुन्हा तिथेच आला.

डॉक्टर पुढे झुकले. “खपली?”

“नाही. साफ आहे.” तिचा अंगठा हलला नाही. “इथे मात्र खड्डा राहील तुम्हाला. हा बुजत नाही.”

“राहू दे,” नवरा म्हणाला. त्याने हात उचलला आणि लग्नानंतर इतक्या वर्षांत पहिल्यांदाच, तिच्या गालावरचे खड्डे एकेक करून मोजायला सुरुवात केली.