आवाजाच्या दोन वीत खाली

मित्रांनो, माणसाचं काळीज हलवणारी शक्ती जगात एकच आहे, आणि ती म्हणजे आवाज. राज्यं येतात, राज्यं जातात, देखणे चेहरे सुरकुततात. आवाज मात्र मनात घर करून राहतो. अशाच एका थोर आवाजाच्या सहवासात माझी बावीस वर्षं गेली. सहवास म्हणजे अगदी निकटचा. त्या आवाजाच्या फक्त दोन वीत खाली.

म्हणजे पोटावर.

मी एक जुनी उशी आहे. माझा जन्म रोममध्ये, तेस्ताच्चो वस्तीतल्या एका तिसऱ्या मजल्यावरच्या स्वयंपाकघरात झाला, आणि तो एका गुरगुरण्यामुळे झाला. ही माझी पहिली लाज. पुढे आणखी आहेत. त्या क्रमानं सांगते.

माझे मालक एवारिस्तो पाल्लोत्ता परदेशी नटांच्या तोंडी आपली भाषा घालायचं काम करत. आमच्याकडे एका परदेशी नटाला एकदा जो आवाज मिळाला, तो जन्माचा. लग्नासारखंच, फक्त नवऱ्या मुलाला पत्ता नसतो. एवारिस्तोच्या वाट्याला वॉरन टिल्बरी नावाचा नट आला. हा टिल्बरी उंच, खांदे रुंद, आणि बोलण्यापूर्वी बराच वेळ समोरच्याकडे नुसता बघत राहायचा. बायका त्या बघण्यावर जीव टाकत. अडचण अशी, की त्या शांततेत ध्वनिमुद्रण चालूच असे, आणि एकदा होता शुक्रवार, म्हणजे मांस वर्ज्य. एवारिस्तो घरून चण्याचं सूप खाऊन आले होते.

टिल्बरीनं पडद्यावर रोखून पाहिलं. सभागृहात काळोख. आणि एवारिस्तोचं पोट बोललं.

काचेपलीकडून ध्वनिमुद्रक नाझारेनो ओरडला, “अरे एवारिस्तो, तुझ्या पोटाचं नाव सिनेमाच्या पाट्यांमध्ये वेगळं टाकायचं का? टिल्बरीच्या आधी तेच बोलतंय!”

एवारिस्तो घरी आले ते मान खाली घालून. त्यांची बायको ओनोरिना हसून हसून खुर्चीवर बसली, मग उठली, गादी उसवून तिनं मूठ-दोन मूठ लोकर काढली आणि मला शिवलं. कापड कुठलं? नवऱ्याच्या जुन्या पायजम्याचं. रेशीम सळसळतं, फ्लॅनेल गप्प राहतं, असं तिचं म्हणणं. खरंच आहे ते. पण पायजम्यातून जन्मलेल्यानं कलेच्या क्षेत्रात किती मान वर करावी, हा प्रश्न मला कायम पडत आला.

काम मात्र मी इमानानं केलं. सिनेमाचे छोटे छोटे तुकडे करून प्रत्येकाची टोकं जोडलेली असत. तोच तुकडा पडद्यावर गरगर फिरत राही, आणि ओठाला ओठ जुळेपर्यंत एवारिस्तो मला पोटाशी धरून तीच ओळ म्हणत राहत. मारामारी असली की ते मला बुक्क्या मारत, म्हणजे दम खरा लागे. प्रेमप्रसंग असला की... सांगते, आता काय लपवायचं. बाकीचे कलाकार आपल्याच मनगटाचा मुका घेत. एवारिस्तोच्या मनगटावर घड्याळाचा पट्टा होता. तेव्हा मित्रांनो, ज्या चुंबनांवर मिलानपासून पालेर्मोपर्यंतच्या स्त्रियांनी रुमाल ओले केले, ती सगळी माझ्या डाव्या कोपऱ्याची होती. तो कोपरा अजून थोडा काळवंडलेला आहे.

कीर्ती आली. चेहरा कुणाला ठाऊक नाही, पण शनिवारी खाटकाकडे रांगेत उभे राहून एवारिस्तो “अर्धा किलो वजडी” म्हणाले, की पुढच्या चार बायका मागे वळत. शेजारची आर्जाबाई तर एकदा डोळे मिटून म्हणाली, “पुन्हा म्हणा ना हो. पाऊण किलो म्हणा हवं तर.” ही हकीकत ओनोरिना स्वयंपाकघरात दर पाहुण्याला सांगे. पण भांडण झालं की ती पळी उगारून म्हणे, “ए, माझ्यापुढे टिल्बरी लावायचा नाही! माझ्याशी पायजम्याच्या आवाजात बोल.”

बावीस वर्षं अशी गेली. माझी लोकर दबली, कडा झिजल्या. एवारिस्तोही त्रेसष्टचे झाले. आणि समुद्रापलीकडून टिल्बरीचा नवा सिनेमा आला, सोबत एक चिठ्ठी: आवाजाची चाचणी घ्यावी. तीन उमेदवार, एकच प्रसंग. एवारिस्तो पाल्लोत्तांनी स्वतःच्याच आवाजासाठी परीक्षेला बसायचं होतं.

“जाऊ नकोस,” ओनोरिना म्हणाली. “नवऱ्याला कुणी लग्नाच्या पंचविसाव्या वर्षी दाखवायला नेतात का?”

“नाही गेलो तर तो दुसऱ्याच्या तोंडानं बोलेल.”

“बोलू दे.”

“आणि मग मी कुणाच्या बोलू?”

तिनं मला उचललं, उसवलं, नवी लोकर भरली. मग इकडेतिकडे बघून गळ्यातलं पोवळ्याचं शिंग काढलं. दृष्ट लागू नये म्हणून घालतात ते. तिच्या आईचं होतं, डोक्यावर चांदीची इवलीशी टोपी. त्याचा मुका घेऊन तिनं ते लोकरीत खुपसलं आणि बारीक, सुरेख टाक्यांनी मला बंद केलं. नवऱ्याला एक शब्द सांगितला नाही. सांगितलं तर शिंगाचा गुण जातो.

टोपी जरा सैल होती. हे तिला माहीत नव्हतं. मला होतं.

चाचणी सकाळी दहाला. दिग्दर्शक स्कार्पा, काचेपलीकडे नाझारेनो, आणि मागच्या बाकावर पाळीची वाट बघत बसलेला तिशीतला लोरिस. पोटाच्या भीतीनं एवारिस्तोंनी आदल्या दुपारपासून अन्नाला हात लावला नव्हता. प्रसंग असा: टिल्बरी भावाच्या कबरीपाशी उभा आहे. बराच वेळ बघतो. मग हळूच म्हणतो, “तू सांगितलं असतंस तर मी आलो असतो.”

एवारिस्तोंनी मला पोटाशी घट्ट धरलं, खोल श्वास घेतला.

टिक.

“एवारिस्तो, घड्याळ,” नाझारेनो म्हणाला. घड्याळ काढलं. टिक. अंगठी काढली. टिक. बूट काढले. टिक. शेवटी कमरेचा पट्टा काढला, आणि एका हातानं मला व दुसऱ्या हातानं विजार धरून एवारिस्तो भावाच्या कबरीपाशी उभे राहिले. टिक.

माझ्यावर कुणाचाच संशय गेला नाही. मी तर आवाज बंद करायला आणलेली! फौजदाराच्या खिशात कोण चोरीचा माल शोधतं?

तुम्ही म्हणाल, उशी बिचारी काय करणार. हेच मीही इतकी वर्षं स्वतःला सांगत आले. पण खरं सांगू? मी एरवी दहादा हातातून निसटत असे. अंग जरा सैल सोडलं असतं, तर जमिनीवर पडून शिंग वाजलं असतं आणि सगळा उलगडा झाला असता. मी सोडलं नाही. नवी लोकर भरलेली, नवे टाके घातलेले. चारचौघांत मिरवायची हौस आली होती. अंग फुगवून मी त्यांच्या पोटाला चिकटून राहिले.

नाझारेनोनं काचेमागचा दिवा लावला. बावीस वर्षं थट्टा करणारा तो माणूस, पण त्याचा आवाज एकदम मऊ झाला. “एवारिस्तो... दात नवे आहेत का?”

दात खोटे, वर्षभरापूर्वी बसवलेले होते. ही गोष्ट ओनोरिना आणि दंतवैद्य सोडून कुणालाही माहीत नव्हती. मागच्या बाकावर लोरिसनं आपल्या बुटांकडे बघायला सुरुवात केली.

“यात लाज वाटण्यासारखं काही नाही,” स्कार्पा म्हणाले, ते अशा सुरात, की सगळ्यांना लाज वाटली.

“दातच असणार,” एवारिस्तो म्हणाले. त्यांनी पट्टा घातला, बूट घातले, लोरिसच्या खांद्यावर हात ठेवला. “बोलण्याआधी श्वास नाकानं घे. तो माणूस तोंड मिटून विचार करतो.” आणि मला काखेत मारून ते घरी आले.

सिनेमा लागला तेव्हा दोघं बघायला गेले. मला खुर्चीवर टाकायला नेलं होतं. टिल्बरीनं कबरीकडे पाहिलं, लोरिसच्या आवाजात बोलला, आणि ओनोरिना सगळ्या थिएटरला ऐकू जाईल अशी म्हणाली, “याला सर्दी झालीय का?”

“गप गं. छान करतोय पोरगा.”

“तुझ्यासारखं नाही.”

“त्याचे दात वाजत नाहीत,” एवारिस्तो म्हणाले.

त्यानंतर ते बोलायचेच कमी झाले. आर्जाबाईनं येऊन सांगितलं, की खाटकाकडे ते आता वजडी बोटानं दाखवतात. आणि मी स्वयंपाकघरातल्या खुर्चीवर पडून राहिले. पोटात शिंग घेऊन. दुखत नव्हतं. दुखलं असतं तर बरं वाटलं असतं.

नऊ वर्षांनी घरच्या मांजरीनं न्याय केला. तिला माझ्या टाक्यांवर नखं घासायची सवय. एका सकाळी शिवण सुटली आणि पोवळ्याचं शिंग फरशीवर पडलं. टिक.

एवारिस्तो टेबलाशी शेंगा सोलत होते. त्यांनी शिंग उचललं. ओळखलं, आधी सासूबाईंच्या, मग बायकोच्या गळ्यात पाहिलेलं. मग अंगठ्यानं टोपी दाबली. टिक. पुन्हा दाबली. टिक. मग तोंड मिटून, नाकानं श्वास घेऊन, ते माझ्याकडे बघत राहिले. बराच वेळ. टिल्बरीनं कुणाकडे इतका वेळ पाहिलं नसेल. मला वाटलं, आता खिडकीतून खाली. आणि योग्यच होतं ते.

“काय रे पडलं?” ओनोरिनानं बाल्कनीतून विचारलं. ती कपडे वाळत घालत होती.

मित्रांनो, एक शब्द पुरला असता. नऊ वर्षांचा डाग धुऊन निघाला असता, आणि तो आयुष्यभरासाठी तिच्या पदरी पडला असता.

“काही नाही गं,” एवारिस्तो म्हणाले. “माझे दात.”

हे ते पायजम्याच्या आवाजात म्हणाले नाहीत. भरदार, खालच्या पट्टीत, नऊ वर्षांत न ऐकलेल्या त्या आवाजात म्हणाले. बाल्कनीतली चिमट्यांची खटखट थांबली.

“पुन्हा म्हण,” ती म्हणाली.

“माझे दात,” टिल्बरी म्हणाला.

मग त्यांनी शिंग माझ्यात परत ठेवलं, सुईत दोरा ओवायला पाऊण तास घेतला, आणि हिरव्या पायजम्यावर पांढऱ्या दोऱ्यानं मला शिवून टाकलं. त्या शनिवारी, आर्जाबाई सांगते, खाटकाकडची रांग पुढे सरकायला तयार नव्हती.

त्यांना तोंड होतं, आणि ते गप्प राहिले. मला तोंड नाही, म्हणून मी गप्प राहिले. या दोन गप्प राहण्यांत किती अंतर आहे, ते मला त्या दिवशी कळलं. जुन्या वस्तू जपा, मित्रांनो. नवी लोकर भरण्याआधी त्यांच्या मनात काय आहे तेही चाचपून बघत जा.

आणि एक बारीकशी विनंती. एवारिस्तोंनी शेवटची गाठ मारली ती भलतीच मोठी आहे, आणि दोऱ्याचं टोक लांब सोडलंय. मांजरीच्या नाकात जातं, ती शिंकते. कधी आमच्याकडे आलात तर कात्रीनं तेवढं टोक कापा.

तेवढंच. आत हात घालू नका.