शालिग्रामचं नापास होणं

धाडच्या उत्तमराव पाटलांचा शालिग्राम बी.ए.ला पहिल्यांदा नापास झाला, तेव्हा लोक घरी भेटायला आले होते, कोणाचं माणूस गेल्यावर येतात तसे. दुसऱ्या वर्षी नदीवर धुणं धुताना बाया त्याच्या बायकोला विचारत, "काहो पुष्पाबाई, औंदाबी नापीकच का?" तिसऱ्या वर्षी कोणी काही विचारलंच नाही. पुष्पाला तेच जास्त लागलं.

पुष्पाचं सगळं त्या एका निकालावर अडलेलं. पास झाला की नोकरी, नोकरी लागली की बिऱ्हाड, असं उत्तमरावांनी लग्नातच सांगून ठेवलं होतं. त्याला आता पाच वर्षं झाली. नवरा अमरावतीच्या कॉलेजात, ती धाडला, आणि सुट्टी आली की तो पाहुण्यासारखा दारात. पाहुणा मात्र मोठा हुशार. मलकापूरच्या शाळेत चौथीपर्यंतच शिकलेल्या पुष्पाला त्यानंच पुढची पुस्तकं वाचायला लावली होती. ग्रहण कसं लागतं हे तिला एकदा त्यानं चुलीपुढं भाकर आणि दिवा धरून दाखवलं. भाकर करपली, पण ग्रहण तिच्या डोक्यात जे बसलं ते बसलं. ज्याला एवढं समजावून सांगता येतं त्याला परीक्षेत काय होतं, हे कोडं तिला सुटत नव्हतं.

घरच्यांना ते कधीच सुटलं होतं. सासूबाई रुक्मिणीबाईंच्या मते तो कॉलेजात खेळे त्या बास्केटबॉलनंच घात केला. "टोपलीत चेंडू टाकाचा म्हने, अन् टोपलीले बूडच नाही! मंग टाकून काय फायदा? डोस्कं तसंच होते मानसाचं. इकडून टाकलं, तिकडून गेलं."

उत्तमराव असं बोलत नसत. एवढा आवाजाचा माणूस, पण मुलाचा विषय निघाला की खाली बघे. "माह्यावरच गेलं पोट्टं," म्हणत. "मीबी तिसरीतूनच पळालो होतो. त्याचा काय दोष?" स्मरणशक्तीला चांगलं म्हणून ते ब्राह्मीचं तेल आणवत, आणि सुट्टीत शालिग्रामला पाटावर बसवून स्वतःच्या हातानं त्याच्या टाळूवर जिरवत. चोवीस वर्षांचा, दारातून वाकून आत येणारा पोरगा बापापुढं मान घालून बसलेला असे. पुष्पाला ते बघवत नसे. ती उगाच ताक घुसळायला घेई.

त्या साली दिवाळीच्या आधी ती माहेरी मलकापूरला गेली, आणि नेमका शालिग्रामचा अमरावतीचा संघ तिथं सामना खेळायला आला. कापसाच्या गाड्या सुरू व्हायला अजून पंधरा दिवस होते, म्हणून जिनिंग कारखान्याचं आवार मोकळं होतं. दोन्ही टोकांना खांब रोवून त्यांवर फळ्या ठोकल्या होत्या, फळ्यांना लोखंडी कडी. बायकांना बसायला वजनकाट्याजवळच्या ओसरीत सतरंजी टाकली होती. दहा तरणेताठे गडी बनियन आणि अर्ध्या चड्डीत धावत आले तेव्हा निम्म्या बायकांनी पदर तोंडावर घेतला, आणि पदराआडून नीट पाहिलं.

पुष्पानं नवऱ्याला ओळखलं, पण उशिरा. घरी तो खांदे पाडून चालायचा. उंचीबद्दल माफी मागत असल्यासारखा. इथं तो सरळ होता. चेंडू त्याच्या हाती आला की बाकीचे चौघं न बघता आपापल्या जागी पळत, आणि चेंडू बरोबर तिथं पोचे. स्वतः कड्यात टाकायची त्याला घाई नव्हती. एकदा मात्र तो उडाला आणि वरच राहिला, निदान पुष्पाला तसं वाटलं. खाली आला तेव्हा तो हसत होता. हे हसू तिनं पाच वर्षांत पाहिलं नव्हतं. तिला आनंद झाला आणि लगोलग रागही आला. हा राग कोणाचा ते तिला कळलं नाही.

दुसऱ्या दिवशी तिच्या आईनं, तानुबाईनं, जावयाला आणि त्याच्या संघातल्या नारायणला जेवायला बोलावलं. शालिग्राम सासऱ्याबरोबर बाहेर हात धूत होता, नारायण आधीच पाटावर येऊन बसला होता. तानुबाईनं काळजीनं विचारलं, "काहो बाबू, औंदा तरी पास होतीन का आमचे जावई?"

"पास झाला त आमचं काय होईन, काकू?" नारायण मोकळेपणानं हसला. "पास झाला का कालेज सुटलं, अन् कालेज सुटलं का संघ सुटला. तीन साल झाले, पेपर निम्मा लिहिते अन् उठून येते. बाहेर आल्यावर उरलेला निम्मा मले तोंडी सांगते. तेवढ्यावर तर माहा फुकटात अभ्यास होते!"

"मस्करी करता गरिबाची," म्हणत तानुबाईनं त्याला वरण वाढलं. चुलीपाशी पुष्पाच्या हातात भाकर थापलेली तशीच राहिली. कोडं सुटलं होतं.

मलकापूरहून बुलढाण्यापर्यंतच्या मोटारीत गर्दी होती, बोलता आलं नाही. बुलढाण्याला घरची दमणी, बैलांची हलकी गाडी, घेऊन कारभारी गडी आला होता. तो मागे वळून पाहत नसे, पण त्याचे कान कायम मागेच असत. म्हणून पुष्पा हळू बोलली.

"मुद्दाम होता न् तुमी नापास?"

शालिग्रामनं बैलांकडे पाहिलं. "कोन सांगतलं?"

"कोनी का सांगना. होय का नाही?"

"हाव."

"काऊन?"

"तू पाह्यलं न् परवा," तो म्हणाला. "मंग काऊन इचारतं?"

तिला खरंच विचारायचं नव्हतं. पाहिलं होतं. तिची पाच वर्षं एका बाजूला आणि ते हवेतलं उडणं एका बाजूला ठेवून तिनं रात्रभर माहेरी तोलून पाहिलं होतं, आणि काटा स्थिर राहिला नव्हता.

"माहं जाऊ द्या," ती म्हणाली. "मी थांबली, अजून थांबीन. पन मामाजी तुमच्या डोस्क्याले तेल लावतात. त्याईले वाटते त्याईच्यामुळं पोरगं ढ निपजलं. तुमी त्याईच्या हाताखाली बसता कसे?"

"सांगतलं त कालेज बंद, पुष्पा. खेळ गेला."

"मी खेळू नका कुठं म्हनली? खेळा. पन खोट्या ढपनावर नोका खेळू."

पुढं कारभाऱ्यानं बैलांना उगाच दोनदा हाकललं, तेवढंच.

नरकचतुर्दशीला सकाळी पाट मांडला. उत्तमरावांनी बाह्या सरसावल्या, वाटीतलं तेल कोमट आहे का ते मनगटावर पाहिलं आणि मुलाच्या टाळूवर ओतलं. पुष्पा स्वयंपाकघराच्या दाराशी उटणं कालवत उभी होती. तिनं एकदाही वर पाहिलं नाही, आणि सगळं पाहिलं.

"बाबा," शालिग्राम म्हणाला. "मले येते."

"काय येते?"

"पेपर. समदा येते. मीच लिहीत नाही. पास झालो त खेळता येनार नाही म्हनून."

उत्तमरावांचे हात थांबले. घराला एवढी शांतता सवयीची नव्हती. रुक्मिणीबाई आतून बघायला आल्या.

"समदा येते?"

"हाव."

"तिन्ही सालं येत होता?"

"हाव."

हात पुन्हा चालू झाले, मात्र आता इतक्या जोरानं, की शालिग्रामची मान हलायला लागली. उत्तमरावांचा चेहरा लाल झालेला. ओरडतील म्हणून सगळे थांबले. ते ओरडले नाहीत. "म्हंजे माह्यावर नाही गेलास तू," एवढं म्हणाले, आणि डोळ्यांत तेल गेल्यासारखे बाहीनं पुसत राहिले. मग नेहमीचा आवाज परत आला. "येवढं तेल वाया घालवलं बे माहं! औंदा समदं लिहाचं. एक ओळ सोडली त घरात पाय ठेवू नको."

शालिग्रामनं मान हलवली. या खेपेला ती त्याची त्यानं हलवली होती.

हिवाळा त्यानं अमरावतीला काढला. पत्रं येत, परीक्षेचा अर्ज भरला, प्रकृती ठीक, सर्वांस नमस्कार. खेळाबद्दल एक अक्षर नसे. पुष्पा पत्र उलटून पालटून बघे, आणि पत्र घडी घालून ठेवताना तिला वाटे, आपण एका माणसाचं खरं करायला गेलो, दुसऱ्याचं काय केलं?

जूनमध्ये नागपूरच्या पेपरात निकाल आला, तो धाडला दोन दिवसांनी पोचला. शालिग्रामचा नंबर दुसऱ्या वर्गात होता. उत्तमरावांनी तो स्वतः बोट ठेवून तीनदा वाचला, मग गुरुजींकडून वाचून घेतला, मग चावडीवर नेला. साखर वाटली गेली. ज्या बायांनी नापीक म्हटलं होतं त्याच सगळ्यांत आधी आल्या. ओसरीवर पुरुषांची बैठक भरली आणि ज्याचा सत्कार करायचा तोच सापडेना.

तो मागं गोठ्यात बसला होता, गव्हाणीच्या कडेला. पुष्पा गेली.

"सोपा होता पेपर?" तिनं विचारलं.

"सोपा होता वं. हात थांबता थांबेना." त्यानं आपल्या तळव्यांकडे पाहिलं. "जुलैत कालेजचं मैदान सुरू होईन. मुलं येतीन. मी ज्या जाग्यावर उभा राहतो, तिथं कोनी तरी राहीन उभं."

पुष्पाकडं शब्द तयार होते. शाळेत शिकवाल, मुलांना खेळवाल, होईल सगळं. ते तिनं घरातून येतानाच जुळवले होते. आता ते तिनं तसेच ठेवून दिले. तिला बिऱ्हाड मिळणार होतं, आणि ते कशातून मिळालं ते समोर बसलं होतं. ती पदर सावरून त्याच्या शेजारी, गव्हाणीच्या कडेवर बसली. भरदिवसा, घरात माणसं असताना, सुनेनं नवऱ्याला लागून बसावं असा त्या घराचा रिवाज नव्हता. थोड्या वेळानं त्याचे खांदे हलायला लागले, तेव्हा तिनं पाठीवर हात ठेवला आणि दुसरीकडे पाहत राहिली.

रुक्मिणीबाई साखरेची ताटली घेऊन गोठ्याच्या दाराशी आल्या. थबकल्या. दोघांच्या पाठी त्यांनी पाहिल्या. आल्या तशा मागे फिरल्या. अंगणात त्यांचा आवाज चढलेला ऐकू आला:

"अवो, तिकडं कोनी जाऊ नोका! गाय व्यायले झाली हाय."

"कोनती गाय?" उत्तमराव चकित होऊन म्हणाले. "आपली त एकबी गाभन नाही."

"असन एखादी," रुक्मिणीबाई म्हणाल्या. "तुमाले काय समदंच कळते का? बसा, च्या आनतो."