सातव्या वळणावर सुटलेला गिअर

मोंतेव्हेर्लाच्या चढावर अकरा वळणं आहेत, आणि सातवं तर असं की वळताना स्वतःच्याच गाडीची मागची नंबरप्लेट वाचता येते. त्या सातव्या वळणावर, दुसऱ्या गिअरमधून तिसरा टाकताना, झाइराच्या हातात गिअरचा दांडा आला. अख्खा. वर लाकडी मूठ, खाली आटे पाडलेलं टोक, आणि बाकी काही नाही.

झाइराचं वय चौऱ्याहत्तर. पन्नास वर्षं ती हा डोंगर चढत होती. पण दांडा हातात आला म्हणून ती घाबरली नाही. गाडीनं तिसरा गिअर आपला आपण टाकला, आणि तेव्हा ती घाबरली.

तिला वाटलं, भास झाला. पण इंजिनाचा आवाज तिला नवऱ्याच्या खोकल्याइतका पाठ होता. तो तिसराच होता. दांडा तिच्या उजव्या हातात हवेत होता, आणि गाडी शहाण्या मुलीसारखी वर चालली होती.

आठवं वळण आलं. झाइरानं दांडा शेजारच्या सीटवर ठेवला, पिशवी ठेवावी तसा, आणि क्लचवरचा डावा पाय उचलून खाली सपाट ठेवून दिला. ब्रेक दाबला. गाडी कुरकुर न करता दुसऱ्यावर आली. वळण संपलं, गाडीनं तिसरा घेतला. आणि घेतला तोही नेमका कुठे, तर त्या जुन्या चेरीच्या झाडापाशी, जिथे झाइरा पन्नास वर्षं घेत आली होती.

आता या सगळ्याचं एवढं काय, तर सांगते. मोंतेव्हेर्लाच्या शर्यतीत दोन गट असतात. एक हातापायाचा. म्हणजे क्लच पायानं, गिअर हातानं, चुकलात तर चुकलात. दुसरा बाकीच्यांचा. त्यात आपोआप गिअर बदलणाऱ्या गाड्या, आणि स्टिअरिंगमागे दोन पाती असलेल्या. लोक त्या पात्यांना पॅडल म्हणतात, झाइरा कान म्हणायची. हातापायाच्या गटात लागोपाठ तीनदा पहिलं आलं की वर चर्चच्या भिंतीतल्या संगमरवरावर नाव कोरतात. पहिली दोन वर्षं झाइरानं मारली होती. हे तिसरं. दगडावरची जागा तिनं बोट लावून मापून ठेवली होती, आणि कोरणाऱ्याला बजावलं होतं की नवऱ्याचं आडनाव नको, नुसतं झाइरा पुरे.

आणि झाइराचं तोंड तर काय विचारता. तिच्या जन्माची वैरीण इल्वा. तरुणपणी दोघी एकाच गटात, एक पुढे तर एक चार सेकंद मागे. मग इल्वाचं मनगट संधिवातानं धरलं, तशी तिनं सरळ सगळ्यांदेखत कानवाली गाडी घेतली आणि दुसऱ्या गटात नाव घातलं. झाइरानं तिला बारमध्ये भरल्या टेबलावर विचारलं होतं, "काय गं इल्वा, गाडी चालवतेस की शर्टाच्या कॉलरला इस्त्री करतेस?" इल्वा नुसती कॉफी ढवळत राहिली, आणि ती कॉफीत साखर घालत नाही.

स्वतःचा गुडघा बदलून आल्यावर झाइरा गावभर सांगत होती, की साल्सोमाजोरेच्या गरम पाण्यात पंधरा दिवस बसले, आता क्लच कसा, लोण्यात सुरी. "दोन वर्षांत एकदा गिअर करकरला असेल तर दाखवा," म्हणायची. कोणी दाखवू शकलं नव्हतं. आता तिला कळलं, का ते.

नऊ, दहा, अकरा. गाडी सगळी वळणं बिनचूक चढली. लोक टाळ्या वाजवत होते. समोर पांढरी रेघ दिसायला लागली, आणि रेघेच्या वीस पावलं अलीकडे झाइरानं ब्रेक दाबला. गाडी थांबली. थांबताना गाडीनं आपणहून पहिला टाकला, सेवेला तयार.

रेघेवर झेंडा घेऊन नेआर्को उभा होता. तो गावचा टपालवाला, वर्षातून एक दिवस शर्यतीचा पंच. तो पळत आला.

"झाइरामावशी, काय झालं? घड्याळ चालू आहे. वीस पावलं राहिलीत. ढकलत आणलीत तरी पहिल्या याल."

"एर्मेसला बोलव."

एर्मेस तिचा नवरा. शेहेचाळीस वर्षांचा संसार. खाली मैदानातल्या एका कारखान्यात त्यानं आयुष्यभर शर्यतीच्या गाड्यांचे गिअरबॉक्स जुळवले होते, आणि झाइराच्या गाडीला त्याच्याशिवाय कोणी हात लावलेला तिला खपत नसे. रेघेपलीकडे थर्मास घेऊन तो दरवर्षी उभा असे, तसाच आजही होता. थर्मास सांभाळत तो आला. झाइरा गाडीतून उतरली आणि तिनं दांडा त्याच्यापुढे धरला.

एर्मेसनं दांड्याकडे पाहिलं. मग आट्यांकडे पाहिलं. जन्मभराची सवय, म्हणाला, "चिकटपट्टी लावायला हवी होती आट्यांना."

"हा कशाला जोडलेला होता?"

"अगं, आधी कॉफी घे."

"एर्मेस."

"चुंबकाला," तो म्हणाला. "खाली टोकाला एक छोटं चुंबक आहे. दांडा कुठे गेला ते त्याच्यावरून कळतं."

"कोणाला कळतं?"

"कॉम्प्युटरला. सीटखाली बसवलाय. गिअरबॉक्सवर तेलाचा पंप आहे, कॉम्प्युटर सांगेल तो गिअर पंप ढकलतो. हल्ली सगळ्याच गाड्यांत असंच असतं, झाइरा. त्या इल्वाच्या पात्यांच्या मागेही दोन बटणंच आहेत. दाराच्या घंटीला असतं तसं बटण. आपण वाजवायची, आत कोणीतरी ठरवतं दार उघडायचं की नाही."

"आणि क्लच?"

"खाली स्प्रिंग आहे. पायाला काहीतरी लागावं म्हणून. पहिल्यापेक्षा निम्म्या जोराची लावली."

"म्हणजे साल्सोमाजोरेचं पाणी."

एर्मेसनं थर्मासचं झाकण उघडलं आणि परत लावलं.

"आणि मी तिसरा मागितला, आणि त्याला दुसरा हवा असेल तर?"

"तर दुसराच. पण तसं फारसं होत नाही," तो घाईघाईनं म्हणाला. "पहिला हिवाळाभर तुझ्या शेजारी वही घेऊन बसायचो, आठवतं? तू म्हणायचीस, पेट्रोलचा हिशेब कसला मांडतोस. पेट्रोलचा नव्हता तो. कुठे बदलतेस, किती दाबतेस, सगळं लिहून घेतलं आणि कॉम्प्युटरला शिकवलं. चेरीपाशी तिसरा, घंटेपाशी दुसरा. ते सगळं तुझंच आहे. तूच आहेस त्याच्यात."

"मी त्याच्यात नाहीये," झाइरा म्हणाली. "मी इथे रस्त्यावर उभी आहे."

नेआर्को झेंडा पाठीमागे लपवून दुसरीकडे बघत होता, पण कान इकडेच होते. रस्त्याकडेच्या भिंतीवर बसलेल्या लोकांनी मोर्तादेल्ला, म्हणजे मांसाचे पातळ काप, घातलेला पाव खायचा थांबवला होता.

एर्मेस आवाज खाली आणून म्हणाला, "दवाखान्यातून आलीस तेव्हा आठ दिवस बोलली नाहीस. नवव्या दिवशी म्हणालीस, गाडी विकून टाक. माझ्याच्यानं बघवेना."

"मी विक म्हणाले होते."

"तोंडानं म्हणालीस गं. मनातून थोडंच."

"मनातून म्हणाले होते, एर्मेस. आठ दिवस लागले मला ते म्हणायला. माझ्या जन्मातलं सगळ्यात जड काम होतं ते. आणि तू म्हणालास, थांब, क्लच जरा सैल करून देतो."

एर्मेसनं कॉफी ओतली आणि कप पुढे केला. तो कप तिनं घेतला नाही, तसा त्यानंच धरून ठेवला. दुसऱ्या कुठल्या दिवशी झाइरानं तो घेतला असता.

पण आज तिचं डोकं भलतीकडेच धावत होतं. शेहेचाळीस वर्षं तिनं मागितलं आणि घरात तसंच झालं. स्वयंपाकघर निळं म्हणाली, निळं झालं. मुलगी बोलोन्याला शिकू दे म्हणाली, शिकली. मैत्रिणींना ती सांगायची, माझ्या घरात माझंच चालतं. आता वाटायला लागलं, की त्या सगळ्याच्या खालीही कुठे चुंबक होतं की काय. ती मागत होती आणि आत बसून कोणीतरी ठरवत होता, हिला हे द्यायला हरकत नाही.

"रविवारचे पत्ते," ती म्हणाली. "ब्रिस्कोला. मी जिंकते ते?"

एर्मेस थर्मासच्या बुचाकडे बघत राहिला.

"सगळे डाव नाही," तो म्हणाला.

भिंतीवरचं कोणीतरी हसलं आणि शेजारच्यानं त्याला कोपर मारलं.

झाइरानं दांडा नेआर्कोच्या हातात दिला. "लिहून घे. झाइरा बाद. हे वर्ष, मागचं आणि त्याच्या मागचं. दोन्ही कप सोमवारी आणून देते. जो दुसरा आला असेल त्याला दे."

"मावशी, कोणाला काय माहीत आहे..."

"मला माहीत झालंय ना."

नेआर्कोनं लिहून घेतलं. लिहिताना दांडा काखेत धरला होता, ताप बघायच्या नळीसारखा.

वर, रेघेपलीकडे, इल्वा आपल्या लाल गाडीला टेकून उभी होती. तिच्या गटाची शर्यत सकाळीच झाली होती. झाइरा चढ चालत तिच्यापाशी गेली. गुडघा दुखत होता, आणि दोन वर्षांत पहिल्यांदा तिनं तो दुखू दिला.

"ऐकलंस सगळं?"

"वारा इकडचाच आहे," इल्वा म्हणाली.

"तुला माहीत होतं?"

"नाही." मग म्हणाली, "माहीत असतं तर तुला बारमध्येच सांगितलं असतं. कॉलरच्या दिवशी."

झाइराला ते पटलं. त्या दिवशी तिला कोणाचं पटलं असेल तर एवढंच.

"खाली सोडतेस?"

"तूच ने. माझं मनगट आज सुजलंय."

झाइरा बसली. लाल गाडीत दांडा नव्हताच. सीटच्या मध्ये एक गोल खटका होता, फिरवला की पुढे, फिरवला की मागे. स्टिअरिंगमागे दोन काळी पाती. इल्वानं दाखवलं, उजवं ओढलं की वरचा गिअर, डावं ओढलं की खालचा. समोर आकडा दिसतो. डावा पाय मोकळाच.

एर्मेस अजून गाडीपाशी उभा होता, हातात गार झालेला कप घेऊन. ती शेजारून गेली तेव्हा त्यानं हात वर केला. तिनं खिडकीची काच वर घेतली.

उतार लागला, गाडी पळायला लागली, आणि झाइराला राग इतका होता की तिनं डावं पातं एकापाठोपाठ तीनदा ओढलं. आकडा एकदाच खाली आला. मग टूं टूं वाजलं, आकडा लुकलुकला आणि तिथेच राहिला.

"हे काय?"

"नाही म्हणतेय," इल्वा म्हणाली. "एवढ्या वेगात दुसरा दिला तर इंजिन फाटेल. देणार नाही ती."

"तोंडावर नाही म्हणते?"

"तोंडावर. मलाही म्हणते. सुरुवातीला फार राग यायचा."

झाइरानं ब्रेक दाबला, वेग उतरवला आणि पुन्हा डावं पातं ओढलं. या वेळी दुसरा आला. इंजिन खालच्या आवाजात घुमलं, गाडी रस्त्याला बसली. तिनं समोरचा आकडा वाचला, मग पुन्हा वाचला. दोनच होता.

अकराव्यापासून पहिल्यापर्यंत गाडीनं तिला आणखी दोनदा नाही म्हटलं. दोन्ही वेळा चूक तिचीच होती.

पायथ्याशी डाव्या हाताला तिचं घर, निळ्या स्वयंपाकघराचं. वळण जवळ आलं तसं इल्वानं आपली पिशवी मांडीवरून उचलली, हिला उतरायला जागा हवी म्हणून. झाइरानं उजवं पातं ओढलं. तिसरा आला.

"झाइरा, तुझं घर मागे गेलं."

"दिसलं मला," झाइरा म्हणाली, आणि तिनं चौथा मागितला.