काजवीची उडी

“पट्टा अजून एक घर आवळा,” अम्पारो म्हणाली.

“आणखी आवळला तर श्वास कोंडेल, पोरी. तिसऱ्यांदा सांगतेयस,” उड्यांच्या तारा सांभाळणारा म्हातारा एपिफानिओ म्हणाला.

सात मजली इमारतीच्या गच्चीवर अम्पारो काजवीच्या पोशाखात उभी होती. हिरवा मुखवटा, पाठीवर पातळ पंख, कमरेला तार. मेक्सिको शहरातली पोरं शाळेतून आली की टीव्हीवर हीच काजवी बघत मोठी झाली होती. आता त्या कार्टूनचा खऱ्या माणसांचा सिनेमा होत होता. चेहरा नटीचा, उड्या अम्पारोच्या. सतरा वर्षं ती हेच करत आली होती.

मार्चमध्ये एका जाहिरातीच्या वेळी तार हातभर सुटली आणि तिच्या टाचेचं हाड मोडलं. हाड जुळलं, डॉक्टरांनी कागदावर सही केली. पण तेव्हापासून उंचावर गेलं की तिच्या तळहातांना घाम फुटायचा. हे तिनं कुणालाच सांगितलं नव्हतं. आज सकाळी न्याहारीला घेतलेला मक्याच्या पिठाचा तमाल तिनं तसाच गुपचूप गल्लीतल्या कुत्र्याला घातला.

दिग्दर्शक रेनातो फोन घेऊन आला. त्यावर कार्टूनमधली काजवी हात पसरून, हसत खाली झेपावत होती.

“अगदी अशी हवी, ताई. खाली बघायचं नाही. बघा, कशी हसतेय.”

अम्पारो बघत राहिली. त्या पोरीला वजनच नव्हतं.

“वारा वाढलाय,” ती म्हणाली.

एपिफानिओनं वारा मोजायचं यंत्र उंच धरलं. “मर्यादेत आहे.”

मग तिच्याच वजनाची वाळूची गोणी तारेला लावून सोडली. गोणी सरसर गेली, तिसऱ्या मजल्यापाशी मंदावली आणि जमिनीच्या वीतभर वर अलगद थांबली. खालून टाळ्या आल्या. आता सगळे तिच्याकडे बघू लागले.

ती गच्चीच्या कठड्यावर चढली. कमरेची कडी चाचपली. पट्टा ओढून पाहिला. पूर्वी भीती वाटली की कुठंतरी काही चुकलेलं असायचं, एखादी कडी, एखादी गाठ. ते सापडलं की भीती जायची. आज सगळं नीट होतं, आणि भीती जात नव्हती.

“काका, मला नाही जमणार.”

“काय दिसलं तुला?”

“काही नाही. तुमचं काम चोख आहे. मला भीती वाटतेय.”

एपिफानिओनं तिला हात देऊन खाली घेतलं आणि कुणाला न विचारता तिच्या कमरेची कडी काढली.

रेनातो धावत आला. “अहो, गोणी गेली ना व्यवस्थित?”

“गोणीला विचारलं होतंस का, जातेस का म्हणून?” एपिफानिओ म्हणाला.

रेनातो अम्पारोकडे वळला. मग आवाज उतरवून म्हणाला, “ताई, हे एकदा बाहेर कळलं, की तुम्हाला परत कोण बोलावणार?”

“कोणी नाही,” अम्पारो म्हणाली.

लिफ्टमध्ये दिव्यांचं सामान भरलेलं होतं. अम्पारोनं एका हातानं पंख गोळा केले, दुसऱ्या हातानं जिन्याचा कठडा धरला आणि एकेका पायरीवर दोन्ही पाय टेकवत ती सात मजले उतरू लागली.