उंबऱ्यापासून एकवीस

“एकवीस!” कुसाबाईंनी पाय आपटला. “इथंच. खण.”

ज्ञानेशनं पहार घातली.

गल्लीची रहाड, म्हणजे रंगपंचमीला रंगानं भरायचा जमिनीतला दगडी हौद, ड्रेनेजच्या कामात बुजली त्याला तीस वर्षं झाली. उद्या पंचमी. सोमवारी वरून काँक्रीट पडणार. निम्म्या घरांना कुलपं. पण सिडकोत, पाथर्डी फाट्याला राहायला गेलेली पोरं आज फावडी घेऊन परत आली होती. रहाडीचं तोंड कुठं होतं, हे सांगणारं मात्र एकच माणूस उरलं होतं.

कंबरभर खणलं. मुरूम. एक फुटका पाइप.

“आजी, नक्की ना? का आमच्याकडून विहीर खणून घेताय?”

सगळे हसले. कुसाबाई नाही हसल्या.

उंबऱ्यापासून एकवीस. लग्नानंतरची पहिली पंचमी. पळसाची फुलं उकळून केलेला रंग, कमरेवर तांब्याचा हंडा. पहिला रंग ओतायचा मान याच घराचा. सासू म्हणाली होती, वर बघू नकोस, पावलं मोज.

सात. गच्च्यांवर माणसंच माणसं.

चौदा. हंडा पोळतोय.

एकवीस. रंग ओतला, आणि नव्या नवऱ्यानं रहाडीत उडी टाकून असा धप्पा मारला की कुसाबाईंचं लुगडं पदरापासून काठापर्यंत केशरी.

नातसून सायली चहा घेऊन आली. उकरलेल्या मातीत तिची पावलं उमटली, कुसाबाईंच्या पावलांशेजारी. कुसाबाई वाकून बघत राहिल्या.

“सायली, चहा ठेव. माळ्यावरचा हंडा काढ. पाण्यानं भर.”

“पाणी कशाला, आजी?”

“रिकाम्या हातानं चाल वेगळी पडते. उंबऱ्यापासून निघ. वर बघू नकोस.”

सायली निघाली. कुसाबाई मोजत होत्या. खड्डा मागं पडला, तरी आकडे संपले नव्हते.

“एकवीस. थांब.”

गुडघाभर खणलं आणि पहार ठणकन वाजली.

“दगड! काठ लागला रे!” ज्ञानेश ओरडला. मग कुसाबाईंकडे वळला. “आजी, मघाशी कसं काय चुकलं?”

“रहाड आहे तिथंच आहे. पावलं आखडली माझी.”

कोणीतरी नारळ आणला.

“या आजी, मान तुमचा.”

पहिल्या खड्ड्याच्या कडेवरून त्या निघाल्या. तिसऱ्या पावलाला सायलीनं हात पुढं केला.

“थांब गं. मोजू दे.”

चार.

पाच.

सहा.