दगडी कोळशावरचे आलू

"रोडग्याच्या दिवशी बोलव त्याले. सगळ्यायसाठी आलू करून दाखव म्हना. मंग पाहू पोरगी द्याची का नाई ते," असं बाबा म्हणाले आणि टीव्हीचा आवाज वाढवून बसले. मी स्वयंपाकघरात धावत जाऊन आईला गच्च मिठी मारली. बाबा 'नाही' म्हणाले नव्हते! आमच्या बाबांच्या तोंडून पहिल्या फटक्यात 'नाही' न येणं म्हणजे अर्ध्या अक्षता पडल्याच समजायचं.

'त्याले' म्हणजे प्रफुलला. राजुऱ्याजवळच्या कोळसा खाणीत तो डंपर चालवतो. मी शाळेत शिकवते आणि त्याची भाची माझ्या वर्गात आहे. तिला घ्यायला तो शाळेत यायचा, आणि मग भाची घरी तापानं झोपलेली असली तरी यायला लागला. पुढचं काय सांगायचं, कळलंच असेल.

रोडग्याचा दिवस हा आमच्या घराण्यातला मोठा मानाचा दिवस. पौषात सगळं कुटुंब वर्धेच्या काठी रेतीवर जमतं, आणि त्या दिवशी स्वयंपाक पुरुषांचा. बायकांनी चटईवर बसायचं, गप्पा मारायच्या, चुलीला हात लावायचा नाही. पुरुष कणकेचे गोळे गोवऱ्यांच्या आरात भाजतात, तेच रोडगे, आणि सोबत भाजलेल्या वांग्यांचं भरीत. घरात येणाऱ्या जावयाचीही परीक्षा तिथेच होते. पण प्रफुलला वांगं चालत नाही, त्याचा घसा खाजतो. हे मी बाबांना सांगितलं तेव्हा त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जसं काही पोराला हातपायच नाहीत. "वांगं खात नाई? हा कोणता मानूस?" म्हणून मग आलू.

त्या दिवशी सकाळी आम्ही छोट्या हत्ती टेम्पोत भांडी, चटया आणि आलूचं पोतं टाकून रेतीवर पोचलो. पाणी चमकत होतं, वारा गार होता. थोड्या वेळानं प्रफुलची मोटारसायकल दिसली. मागे एक गोणी बांधलेली.

"काय हाये त्याच्यात?" मी विचारलं.

"कोळसा!" तो छाती फुगवून म्हणाला. "आमच्या घरी सिगडीवरच सैपाक होते. याची धग पाह्यजो आता. सारे पाहत राह्यतीन."

मी म्हटलं, अरे, इथे लाकडं आहेत, कपाशीच्या पऱ्हाट्या आहेत, नानाजी काकांनी बाभळीचे ओंडके आणलेत. पण तोपर्यंत बाबा हात मागे बांधून, परीक्षकाचा चेहरा करून तिथे आले होते. त्यांनी गोणीतून एक ढेकूळ उचललं, उन्हात फिरवलं, हातात तोललं. आणि त्यांचा चेहराच बदलला. माझे बाबा, ज्यांना सगळी ऊर्जानगर वसाहत बापूजी म्हणून ओळखते, त्यांची अख्खी नोकरी वीज केंद्रात बॉयलरवर गेली. चांगला कोळसा पाहिला की त्यांना नातवंडं पाहिल्याचा आनंद होतो.

"मस्त हाये रे," ते म्हणाले. "राख कमी राहीन याची."

"निवडून आनला, बापूजी."

परीक्षक गेला कुठल्या कुठे! दोघं रेतीत गुडघे टेकून बसले. नानाजी काका बाभळीचं लाकूड घेऊन आले तर दोघांनी हातानंच त्यांना वाटेला लावलं.

"असं ढेकूळ नाई टाकाचं," बाबांनी धडा सुरू केला. "आमच्याकडं कोळसा मैद्यासारखा दळून जाते. मंग त्याले हवा द्याची. काय जाळ धरते सांगू तुले!"

"म्हनजे कुटाचा?"

"कूट!"

आणि दोघं दोन दगड घेऊन कोळसा कुटायला लागले. काळे हात, काळी नाकं, आणि वर खदाखदा हसणं. मी चटईवर बसून पाहत होते आणि आनंदानं माझ्या डोळ्यांत पाणी आलं. बाबा माझ्या मावसभावांशीही असे हसत नाहीत. शेजारी बसलेली रंभाआत्या, म्हणजे बाबांची मोठी बहीण, माझ्या कानाशी म्हणाली, "दिव्यानी, लगन या दोघायचंच लावून देऊ का वं?"

खड्डा खणला गेला. खाली पऱ्हाट्या पेटवल्या, वर अर्धं पोतं आलू, आणि आलूंवर बाबांनी कोळशाचा भुगा असा मुठीमुठीनं पेरला, जणू जिरं भुरभुरतायत. मग सूप हातात घेऊन ओरडले, "हवा!"

आधी विस्तव गुदमरला. मग खड्ड्यातून पिवळा धूर निघाला, असला घाण की अख्खी चटई खोकायला लागली. आम्ही बायका चटया ओढत वाऱ्याच्या दुसऱ्या बाजूला पळालो, तर वाराच फिरला. "आनखी हवा!" बाबा. "देतो!" प्रफुल. मग एकदम भक्कन जाळ झाला आणि बाबांच्या मिशीचं एक टोक करपलं. आत्या पोट धरून हसली. मीही हसले. तेवढंच हसले.

कारण आलू बाहेर काढले तेव्हा ते आलू राहिलेच नव्हते. वरून डांबर, आतून कच्चे, आणि वास असा की कोणी रॉकेलमध्ये बुचकळून काढलेत. बाबांनी एक फोडून तोंडात टाकला. गिळता येईना. नदीकडे तोंड करून थुंकले आणि वळले तेव्हा त्यांचा चेहरा पुन्हा परीक्षकाचा झाला होता, पहिल्यापेक्षा कडक.

इकडे रोडगे तयार, डाळ तयार, सगळे भुकेले. वांगी तर यंदा कोणी आणलीच नव्हती.

"कोळसा कोनं आनला?" बाबांनी विचारलं.

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. दळायला कोणी सांगितलं, हे कोण विचारणार? प्रफुलनं उलट तेवढंच विचारलं असतं तरी चाललं असतं. पण तो म्हणाला, "म्या आनला, बापूजी. चुकलं माहं. लाकडाची चूल म्या कधी पेटवलीच नाई."

"मंग माह्या पोरीले काय हे चारशील?" बाबा हात झटकत म्हणाले. "जाऊ द्या. जमत नाई हे."

जमत नाई! मी ताडकन उठले आणि चुलीकडे निघाले. मला रडू येत होतं आणि राग त्याहून जास्त. भात-भाजी काय, या माणसांना मी रेतीवर पंगत उठवून दाखवली असती. पण नानाजी काका आडवे आले. "पोरी, आज हात नको लावू. रीत हाये आपली."

तेव्हा आत्या चटईवरून कडाडली, "हात लावाची मनाई हाये ना? तोंडाले कोनं कुलूप घातलं? दिव्यानी, इथून सांग त्याले!"

मला तेवढंच हवं होतं. चटईच्या काठावर उभी राहून मी कमरेला पदर खोचला.

"प्रफुल, तो कोळसा पार काढ. रेतीत नवा खड्डा कर. बाबा, तुम्ही बाभळीचं लाकूड आना!"

बाबा माझ्याकडे पाहतच राहिले. पण पोटात भूक होती. लाकूड आणलं.

"आता जाळ होऊ दे अन् पडू दे. नाई, अजून आलू नाई टाकाचे! निखारे लाल दिसू दे. हां, आता चार बाजूला ठेवून उरलेले आलू गरम राखेत पुरा, वरून निखारे ओढा. हात नाई, काडीनं! तिकडं चुलीवर गंज ठेवा, मोठं पातेलं. तेल. जिरं. लसूण ठेच, कापू नको. मिरची. ते चार आलू चिरून टाक. पाणी बेतानं, रस्सा पातळ पाहिजे पण नदी नको!"

तो धावत होता. बाबा फुंकत होते. मी चुकले तर आत्या दुरुस्ती करत होती, आणि हळूहळू चटईवरच्या सगळ्याच बायका बोलायला लागल्या, कोणी हळद कमी म्हणे, कोणी कोथिंबीर आताच टाकू नको म्हणे. इतक्या वर्षांत रोडग्याच्या दिवसाला एवढा गलका मी कधी ऐकला नव्हता. लसणाचा वास सुटला तेव्हा नानाजी काकांनीही रोडगे सोडून मान वर केली. राखेतले आलू निघाले, वरून सुरकुतलेले, फोडले की आतून पांढरी वाफ. प्रफुलनं साल काढली, मीठ घालून परातीत हातानं चुरले. बोटं भाजत होती तरी थांबला नाही. मला त्याला तिथल्या तिथे ओरडून सांगावंसं वाटलं की मी तुझ्याशीच लग्न करणार आहे, कोणी काहीही म्हणो.

मग त्यानं परात उचलली, चटईपाशी आला आणि माझ्या आईसमोर उकिडवा बसला.

"काकू, तुमाले कसं पायजे? तिखट चालते का?"

आईनं मागे वळून पाहिलं. मागे कोणी नव्हतं.

"मले?"

"हो."

"तिखट कमी," आई हळूच म्हणाली. "अन् वरून कच्चं तेल. हे... हे चांगलं झालं, वांगं नाई ते. वांग्यानं माहाही घसा खाजवते."

फुंकणी हातात धरून बाबा चुलीपाशी उभे होते, तसेच राहिले. आई लाजून पदराशी चाळा करायला लागली. माझी आई, सुगंधाबाई, दरवर्षी बाबांच्या हातचं वांग्याचं भरीत मुकाट्यानं खात आलेली! मलाही माहीत नव्हतं. मी पोटची पोरगी, मलाही.

"काऊन सांगतलं नाई?" बाबांनी विचारलं. त्यांचा आवाज मी असा कधी ऐकला नव्हता.

"कोनी इचारलं नाई," आई म्हणाली. त्यात तक्रार नव्हती, आणि तेच जास्त लागलं.

प्रफुलनं तिच्यासाठी वेगळ्या द्रोणात मिरची बेतानं घालून भरीत काढलं, वर तेलाची धार सोडली. तिनं घास घेतला. मग दुसरा. मग तिनं बाबांकडे सरळ पाहिलं.

"अजी," ती म्हणाली, "पोरगी याले द्या."

बाबांनी करपलेल्या मिशीवरून हात फिरवला, आईजवळ चटईवर येऊन बसले, आणि द्रोणातलं भरीत चिमटीनं उचलून चाखलं.

"दिव्यानी," ते म्हणाले, "याच्या बापाले फोन लाव."

तोवर प्रफुलनं माझ्याही हातात द्रोण दिला होता, बोटं भरतानं माखलेली होती. मी तशाच हातांनी लावला.